ओशोग्बोचं ओशुन-वन: पुतळे बघून परतलात तर देवस्थान राहून जाईल

नायजेरियाच्या नैर्ऋत्येला ओशुन राज्य, त्याची राजधानी ओशोग्बो. शहराच्या कडेला ओशुन नदीच्या काठाने ७५ हेक्टरचं राखलेलं रान आहे. २००५ साली ते युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आलं. नायजेरियातलं हे असं दुसरंच ठिकाण, पहिलं सुकुर. लागोस-इबादानकडे राहणाऱ्यांनी जावं का? जरूर जावं, पण अर्धा दिवस हाताशी ठेवून आणि शक्यतो जत्रा नसताना. तासाभरात उरकणारे पाहुणे 'चार विचित्र पुतळे आणि गढूळ पाणी' एवढंच सांगत परततात. त्यांचं म्हणणं खोटं नाही. फक्त बघण्याचा क्रम चुकलेला असतो. हे संग्रहालय नाही, ओशुन या नदीदेवीचं चालतं देवस्थान आहे.

आपल्याकडच्या माणसाला ते समजायला सोपं जावं. कोकणात देवराईतली वाळकी काटकीसुद्धा उचलत नाहीत, इथेही झाड तोडणं, शिकार आणि मासेमारी वर्ज्य आहे. म्हणूनच रान उरलं. ४०० च्या वर वनस्पतींच्या जाती इथे नोंदलेल्या आहेत आणि त्यांतल्या दोनशेहून अधिक औषधी आहेत. एके काळी या भागातल्या योरुबा लोकांच्या प्रत्येक गावाला असं रान असे, आता बहुतेक ठिकाणी ते मोडलं किंवा आक्रसलं. देवळाचा पत्रा बदलून स्लॅब टाकताना आपण आपल्या देवरायांचं जे करतो, त्याचीच ही दुसरी तऱ्हा.

योरुबा लोक पूजेच्या जागेला ओजुबो म्हणतात. 'ओजू' म्हणजे तोंड, चेहरा. देवतेसमोर तोंड करून उभं राहण्याची जागा, असा साधा अर्थ. तिथे मूर्ती असेलच असं नाही. झाड, दगड, नदीचं वळण किंवा पाणी भरलेलं मडकंही चालतं. ओशुनच्या पूजेत नदीतले गुळगुळीत गोटे पाण्याच्या भांड्यात ठेवलेले असतात, आणि ते पाणी कोरडं पडू द्यायचं नसतं. रानात पाच पवित्र स्थानं आणि काठाने नऊ पूजास्थानं आहेत, प्रत्येकाचे पुजारी ठरलेले. शिवाय चाळीसेक घुमट्या, शिल्पं आणि इतर कलाकाम आहे. सगळं बघायचा हट्ट धरू नका, चौथ्या-पाचव्यानंतर डोळा थकतो.

आधी नदीकाठच्या मुख्य ओजुबोवर जा. ओशोग्बोची स्थापनाकथा इथलीच आहे. पाण्याच्या शोधात आलेल्या लारोये आणि शिकारी तिमेहिन यांच्या माणसांनी एक झाड पाडलं, ते नदीत कोसळलं आणि आतून आवाज आला: रानातल्या मांत्रिकांनो, माझी निळीची मडकी फोडलीत! या हाकेतल्या 'ओशो इग्बो'वरून गावाचं नाव पडलं, असं सांगतात. मग करार ठरला. लोकांनी दरवर्षी नदीला मान द्यायचा आणि नदीने गाव सांभाळायचं. राजाला अताओजा म्हणतात, म्हणजे हात पसरून मासा झेलणारा, कारण मासा हा ओशुनचा दूत. पहिली वस्ती आणि पहिला वाडा याच रानात होता, गाव नंतर वर सरकलं. आजही राजाची गादी या कराराला बांधलेली आहे. शहरात मशिदी आणि चर्च भरपूर आहेत, तरी नदीचा मान सहसा कुणी मोडत नाही. घरचा धर्म एक आणि गावाची देवी दुसरी, यात तिथे बऱ्याच जणांना अडचण वाटत नाही.

काठावर हात पसरून उभी असलेली ओशुनची मोठी मूर्ती दिसेल, अंगावर शेवाळ चढलेली. तिच्यापाशी सगळे फोटो काढतात. तुम्ही पाच पावलं बाजूला होऊन बसा आणि गाऱ्हाणी ऐका. भाषा कळली नाही तरी काम कळतं. मूल होत नाही म्हणून आलेली जोडपी, नवस फेडायला आलेल्या बाया, आजारी पोरासाठी बाटलीत पाणी भरून नेणारी आजी. पांढऱ्या कपड्यातल्या बायका ओशुनच्या सेवेकरी. हाक ऐकू येते ती 'ओरे येये ओ!' पितळ हा तिचा धातू, त्यामुळे हातात पितळी कडी आणि पूजेत पितळी पंखा.

मागणं मागायची पद्धत बघण्यासारखी आहे. आधी जमिनीवर गार पाणी शिंपडतात. मग ओबी फोडतात. हे कोलाचं बी, पण कोणतंही चालत नाही, चार पाकळ्यांचंच लागतं. दोन फाकांचं जे बी बाजारात स्वस्त मिळतं त्याने कौल घेता येत नाही. पुजारी पाकळ्या सुट्या करतो, मागणं बोलून जमिनीवर टाकतो. दोन उताण्या आणि दोन पालथ्या पडल्या तर होकार. चारही पालथ्या म्हणजे नकार, मग काय कमी राहिलं ते विचारत पुन्हा टाकायचं. तांदळाचा किंवा कळ्यांचा कौल पाहिलेल्या माणसाला हे नवं नाही. अवघड कोडं असेल तर सोळा कवड्या टाकतात. नैवेद्यात मध आणि मक्याची शेकेते नावाची दारू असते, आणि मागणं मोठं असेल तर कोंबडं किंवा बकरं. रक्त बघवत नसेल तर वाटाड्याला आधीच सांगा, म्हणजे तो वेळ बघून आणेल.

आता पुतळे. १९५० च्या दशकापर्यंत रानाचे वाईट दिवस आले होते. सरकारी शेती-वनखात्याने एक भाग घेऊन झाडं तोडली आणि सागवान लावलं, शिल्पं चोरीला जाऊ लागली, पुजाऱ्यांचा वचक संपत आला. मुख्य ओजुबो वाळवीने पोखरला होता. ऑस्ट्रियातल्या ग्राट्समध्ये जन्मलेली चित्रकार सुसान वेंगर १९५० साली नायजेरियात आली आणि पुढे ओरिशांची, म्हणजे योरुबा देवतांची, दीक्षा घेऊन इथलीच झाली. लोक तिला अदुन्नी ओलोरिशा म्हणत. तिने आणि स्थानिक कारागिरांनी घुमट्या दुरुस्त केल्या आणि पुढे रानभर प्रचंड शिल्पं उभी केली. अदेबिसी अकांजी सिमेंटमध्ये, कसाली अकांग्बे लाकडात, बुराइमो ग्बादामोसी दगडात. नुसती सुंदर दिसावीत म्हणून नव्हे, तर जमीन लाटणाऱ्याला इथे कुणीतरी बसलंय हे लांबूनच दिसावं म्हणूनही ती बांधली गेली. १९६५ साली रानाचा भाग राष्ट्रीय स्मारक झाला आणि १९९२ मध्ये सगळं ७५ हेक्टर. वेंगर २००९ साली गेली.

कलेचं मत वेगवेगळं असू शकतं. या शिल्पांना पारंपरिक योरुबा कोरीवकाम समजू नका, ते वेगळं, आटोपशीर आणि बसकं असतं. इथे हातपाय वेलींसारखे वाढतात, डोळे सुपाएवढे. पण कुंभारकाम आणि बायकांच्या धंद्यांची देवता इया मोपो हिच्या भव्य शिल्पापाशी पंधरा मिनिटं काढा. रानाच्या मानाने माप बरोबर बसलेलं कळतं.

दोष इथेच उघडे पडतात. लोखंडी सळ्यांवर माती आणि सिमेंट चढवलेलं काम. पावसाळी जंगलात भेगेतून पाणी शिरलं की सळी गंजते, गंजून फुगते आणि वरचं सिमेंट पापुद्र्यासारखं उडवते. वर शेवाळ, मुळं आणि वादळात पडणारी झाडं. लाकडी खांबांना वाळवी. डागडुजी होत राहते, पण पुढचा पावसाळा वाट बघत असतोच. काही भागांना बांबूचे टेकू किंवा अर्धवट लेपलेले अवयव दिसले तर नाराज होऊ नका. चढू मात्र नका, लहान मुलांना तर अजिबात चढू देऊ नका. भक्कम दिसणारा हात आतून पोकळ झालेला असू शकतो.

आता व्यवहार. दारात तिकीट आहे, कॅमेऱ्याचे पैसे वेगळे असतात, व्हिडिओचे आणखी वेगळे. पहिलं पाऊल टाकण्याआधी सगळं मिळून किती ते ठरवून घ्या आणि नायराच्या सुट्या नोटा जवळ ठेवा. वाटाड्या घ्याच, पण दोन प्रश्न विचारून घ्या: आज ओजुबोवर कोण सेवेला आहे, आणि फोटो कुठे काढायचा नाही? पुतळ्यांची नावं पाठ असणाऱ्यापेक्षा ही उत्तरं देणारा बरा. पूजास्थानी चपला काढाव्या लागतात, म्हणून पटकन निघणारी पादत्राणं आणि मोजे. ओजुबोवर दक्षिणा मागितली जाते. देणं बंधनकारक नाही, पण गाऱ्हाणं घालायला सांगितलंत तर हात रिकामा ठेवू नये. माकडं धीट आहेत, पिशवीत केळी उघडी ठेवू नका.

पाण्याबद्दल स्पष्टच लिहितो. भक्त ते पितात, बाटल्या भरून नेतात आणि तुम्हालाही ओंजळ पुढे करतील. पिऊ नका. वरच्या अंगाला सोन्याच्या बेकायदा खाणी चालतात, त्यांच्या गाळाने नदीचं पाणी दुधाच्या चहासारखं झालंय आणि जड धातूंच्या भीतीने सरकारनेच पिण्याविरुद्ध इशारा दिला आहे. उकळल्याने जंतू मरतात, धातू जात नाही. बोटं बुडवून कपाळाला लावलीत तर मान राहतो आणि पोटही. ज्या नदीसाठी एक काटकी तोडत नाहीत, तिचं पाणी रानाबाहेरच नासावं, याहून मोठी तक्रार या जागेबद्दल करता येणार नाही. कुंपणाच्या आतला पुजारी त्याला काय करणार?

जत्रा ऑगस्टमध्ये, बारा दिवसांची. सुरुवातीला रस्त्याची शुद्धी होते, मग एका रात्री सोळा तोंडांचा जुना दिवा पेटवतात, त्याभोवती राजा नाचतो. आणखी एका दिवशी जुन्या अताओजांचे मुकुट एकत्र मांडून पूजा होते. शेवटच्या दिवशी राजघराण्यातली कुमारिका, अरुग्बा, डोक्यावर कापडाने झाकलेला नैवेद्याचा भोपळा घेऊन वाड्यापासून नदीपर्यंत चालते. तिने ठेचकाळू नये, बोलू नये. रानात राजा पुरातन शिळेवर बसतो, मग भोपळ्यातलं नदीला जातं. वर्णन भारी आहे. प्रत्यक्षात गर्दीत तुम्हाला डोक्यांवरून सरकणारं कापड दिसेल, पुरस्कर्त्यांचे फलक आणि भोंग्यांचा कल्ला मिळेल, आणि नैवेद्य झाल्याबरोबर पाणी भरायला काठावर जी रेटारेटी होते ती मुलांबरोबर असणाऱ्याने टाळावी. दिव्याची रात्र त्यामानाने सुटसुटीत. तारखा वाड्यातून जाहीर होतात. हॉटेलं मात्र आधीच भरतात, त्यामुळे खोलीचं महिनाभर आधी बघा.

जायचं कसं? इबादानहून रस्त्याने साधारण ९० किलोमीटर. लागोसहून इबादानपर्यंत आगगाडी आहे, पुढे गाडी ठरवावी. अंधार पडायच्या आत परतीचा रस्ता धरा. भारतातून येणाऱ्याने पीतज्वराची लस निदान दहा दिवस आधी घेतलेली हवी. पिवळं पुस्तक, म्हणजे या लशीचा दाखला, परतताना आपल्याच विमानतळावर मागतात, नसेल तर सहा दिवसांपर्यंत विलगीकरण. मलेरियाच्या गोळ्यांचं डॉक्टरांना विचारा आणि लांब बाह्या घाला, नदीकाठ म्हणजे डास आलेच.

निघताना गावातून अदिरे, म्हणजे निळीत रंगवलेलं नक्षीचं कापड, घ्यायचं असेल, तर ते उलटून बघा. कसाव्याच्या खळीने नक्षी काढून निळीत बुडवलेलं हाताचं काम असेल, तर खळ एकाच बाजूला लावलेली असते, म्हणून मागची बाजू जास्त गडद आणि नक्षी पुसट. दोन्हीकडे सारखीच ठसठशीत असेल तर ते छापील. खरं असेल त्याची निळ पहिल्या धुण्यांत बोटांना लागते. मिठाच्या गार पाण्यात वेगळं धुवायचं आणि सावलीत वाळवायचं.