ऑनलाईन मागवलेले ड्रावरचे हँडल: माल चांगला, इस्क्रू भलतेच

दारव्ह्याकडचं आमचं खेडं, सहा वर्षाआधी गावच्याच सुतारकाकानं किचनचं कपाट करून देल्लं होतं, चार दरवाजे अन् सहा ड्रावर, वरून सनमायका. हँडल तेव्हा लावलेच नाही, पैसे संपले होते, काकानं खालून बोटं घालाले खाच करून देल्ली. उन्हाळ्यात काही नाही, पण पाणी लागलं का लाकूड फुगते आणि ड्रावर असा फसते का आईच्यानं निघत नाही. एकदा चमच्यांचा ड्रावर ओढता ओढता अख्खा बाहेर आला, अर्धे चमचे चुलीपाशी.

म्हणून हे घेतले, काळे मॅट, १० नगांचा सेट, ६२० रुपयात. आमच्या इथल्या हार्डवेअरमध्ये असाच एक नग नव्वदले सांगत होते. कुरियरवाला गावात येत नाही, दारव्ह्याच्या स्टँडवरून आणा लागला. माल हातात घेतला तं वजनदार, चुंबक चिकटत नाही, म्हणजे पत्र्याचे नाही, जस्ताच्या मिश्रधातूचे ओतीव हायत. एका नगाले मागून धार होती, बोटाले लागली, कानस मारून काढली. बाकी नऊ एकदम साफ.

आता माझी चूक आधी सांगतो मग कंपनीची. डब्यावर ९६ एमएम लिहून होतं, मले वाटलं ४ इंच. टेप लावून पेन्सिलनं खूण केली आणि दोन भोकं पाडून मोकळा. हँडल बसलंच नाही. ४ इंच म्हणजे जवळपास १०२ एमएम होते आणि ते ९६ एका इस्क्रूच्या मधापासून दुसऱ्याच्या मधापर्यंतचं माप असते, हँडलच्या लांबीचं नाही, लांबी तं जास्तच भरते. वरून सनमायकाच्या मागं प्लायचा एवढा मोठा छिलका निघाला. काका पाहून म्हणे, "हवेत भोक पाडून राहिला का रे बाबू, आतून फळी टेकव ना." मग त्यायनंच एका पुठ्ठ्यावर तीन इंच सहा सूत (आठ सुताचा एक इंच) माप घेऊन दोन टोचे मारून देल्ले. मी हिशोब केला, ९५.२५ येते, म्हणजे ९६ ले पाऊण एमएम कमी, पण ड्रिलचा बिट ५ एमएमचा आणि इस्क्रू ४ चा असल्यानं तेवढं खपून जाते. ४ चा बिट घेतला असता तं बसलं नसतं. तोच पुठ्ठा बाकी पाचही ड्रावरले लावला, वर चिकटपट्टी मारून खूण केली, आतून आंब्याची फळी दाबून धरली (आईनं धरली, खरं सांगाचं तं), एकही छिलका नाही. मधात लाईन गेली तेव्हा एक भोक गिरमिटानं पाडलं, वीस मिनिटं लागले, हात भरून आला.

आता कंपनीची गोष्ट. सोबत इस्क्रू देल्ले २० आणि सगळे २५ एमएमचे. दरवाजा १८ चा असते तिथं बरोबर बसले, चारही दरवाजे पंधरा मिनिटात झाले. पण ड्रावरले समोरची पाटी १८ ची आणि मागं पेटीची पाटी १२ ची, दोन्ही मिळून ३०, तिथं २५ चा इस्क्रू हँडलपर्यंत पोचतच नाही! फोटोत ड्रावरवरच लावलेले दाखवून राहिले आणि इस्क्रू दरवाज्याचे देऊन राहिले, हे कोणतं. कस्टमर केअरले फोन केला तं म्हणे पूर्ण सेट वापस करा, नुसते इस्क्रू भेटत नाही. दहा वेळा तेच. वापस कराले पुन्हा दारव्हा, नाही केलं.

शेवटी हार्डवेअरवाल्याकडून ४० एमएमचे बारा आणले, ३ रुपयाले एक. ते थोडे लांब पडतात, पूर्ण कसले तरी हँडल डुगडुगते कारण आत आटे संपून जातात, म्हणून प्रत्येकाच्या डोक्याखाली एक वायसर टाकला, मग घट्ट.

चार महिने झाले, रंग उडाला नाही, पूर्ण पावसाळा गेला, ओढाले मजबूत हायत. काळ्यावर कणकेचे बोटं लगेच दिसतात तेवढं एक. ५ पैकी साडेतीन, अर्धा कापला कानसीसाठी आणि एक इस्क्रूसाठी. पहिल्या ड्रावरचं चुकलेलं भोक अर्धं हँडलच्या पायाखाली झाकलं, अर्ध्यात भुसा आणि फेव्हिकॉल भरला, पाहुणा आला का आई त्याच्यावर फडकं लटकवते.

२५ चे बारा इस्क्रू डबीत पडून हायत, कोणाले अठराच्या प्लायवर लावाचे असतील तं घेऊन जा.