गृहकर्ज, ५१ हप्त्यांनंतर: हप्ता ३०,५३४ आणि मुद्दल २९६

ऑक्टोबर २०२१मध्ये पुण्यात सिंहगड रोडला रीसेलचा टू बीएचके घेतला. करार ५२ लाखांचा, कर्ज ४० लाखांचं, मुदत २० वर्षं, व्याज ६.८० टक्के फ्लोटिंग (म्हणजे बदलतं), हप्ता ३०,५३४ रुपये. ५ जानेवारी २०२६ला ५१वा हप्ता गेला. मोबाइल किंवा मिक्सर घेताना आपण दहा लोकांचे अनुभव वाचतो, आणि आयुष्यातली सगळ्यात महाग खरेदी, म्हणजे हे कर्ज, मात्र शाखेतल्या एका खुर्चीत बसून पाऊण तासात सह्या करून घेतो. मीही तसंच घेतलं. म्हणून एवढं सविस्तर लिहितोय. बँकेचं नाव लिहीत नाही, कारण जे घडलं ते फ्लोटिंग दराच्या कुठल्याही कर्जात घडू शकतं.

आधी कर्जाबाहेरचा खर्च. बँक फक्त घराच्या ५२ लाखांच्या किमतीवर कर्ज धरते. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी आपल्या खिशातून. तेव्हा पुण्यात मुद्रांक ५ टक्के आणि स्थानिक संस्थेचा १ टक्का असे ६ टक्के होते, म्हणजे ३,१२,०००. (एप्रिल २०२२पासून मेट्रोचा १ टक्का अधिभार वाढला, त्यातून मी थोडक्यात सुटलो.) नोंदणी ३०,०००, दलाली ५२,०००, सोसायटीचं हस्तांतरण शुल्क २५,०००, बँकेची प्रोसेसिंग फी जीएसटीसकट ११,८००, गहाणाच्या मुद्रांकाचे १२,०००, आणि वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, नोटीस ऑफ इंटिमेशन (गहाणाची सरकारी नोंद) धरून आणखी ९,०००. सगळे मिळून साडेचार लाख. हे पैसे कुठल्याच ईएमआय कॅल्क्युलेटरमध्ये दिसत नाहीत.

आणि विमा. कर्ज मंजूर झाल्यावर, सह्यांच्या दिवशी, कर्जसुरक्षा विम्याचा (कर्जदार गेला तर उरलेलं कर्ज फेडणारा विमा) फॉर्म पुढे आला. एकरकमी हप्ता १,१४,०००, "तो कर्जातच घालू, तुम्हाला वेगळे द्यायला नकोत." ऐकायला सोयीचं वाटलं. म्हणजे ४० लाखांतले ३८,८६,००० घरमालकाला गेले आणि १,१४,००० विमा कंपनीला. या रकमेचा हप्त्यातला वाटा दरमहा ८७० रुपये. २० वर्षांत तो विमा मला दोन लाख आठ हजारांच्या पुढे पडला असता. शिवाय विम्याचं संरक्षण कर्जाच्या ठरलेल्या तक्त्याप्रमाणे दरवर्षी कमी होत जाणारं. हा विमा घेणं बंधनकारक नव्हतं आणि पॉलिसी हातात आल्यावर ठरावीक दिवसांत ती परत करता येते, हे मला ती मुदत उलटल्यावर कळलं. कमावत्या माणसामागे कर्ज असेल तर विमा हवाच, त्याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण साधा टर्म विमा वेगळा, स्वतःच्या पैशातून घ्यावा. या एका गोष्टीची मला अजूनही हळहळ वाटते.

पहिले सहा-सात महिने मजेत गेले. पहिल्या हप्त्यात व्याज २२,६६७ आणि मुद्दल ७,८६७ होतं. सुरुवातीला व्याज जास्त असतं हे माहीत होतं, त्यामुळे काही वाटलं नाही.

मग मे २०२२पासून रिझर्व्ह बँकेने रेपो, म्हणजे ती ज्या दराने बँकांना कर्ज देते तो दर, वाढवायला सुरुवात केली. माझं कर्ज रेपोला जोडलेलं: रेपो अधिक २.८० टक्के. रेपो ४ टक्क्यांवर होता, तो फेब्रुवारी २०२३पर्यंत साडेसहावर गेला. अडीच टक्के, नऊ-दहा महिन्यांत. माझ्या बँकेत दर तिमाहीला दर बदलतो, तेव्हा दर वेळी एक संदेश यायचा: व्याजदर बदलला आहे, हप्ता तोच राहील, मुदत त्यानुसार बदलेल. हप्ता तोच राहील एवढंच मी वाचायचो. मुदत किती झाली हे त्या संदेशात नसायचं.

मे २०२३मध्ये बाबा राहायला आले होते. बाबांनी आयुष्यभर पतसंस्थेची कर्जं काढली आणि फेडली. रात्री जेवताना त्यांनी विचारलं, "दीड वर्ष झालं ना रे? मुद्दल किती उतरलं?" मला उत्तर देता येईना. हप्ता किती हे तोंडपाठ होतं, व्याजदरही माहीत होता. मुद्दल कधी बघितलंच नव्हतं. जेवण झाल्यावर लॅपटॉपवर खातेउतारा काढला. ५ मेचा हप्ता ३०,५३४. त्यात व्याज ३०,२३८. मुद्दल २९६.

मी ती ओळ तीनदा वाचली. बायकोला दाखवली, तिला वाटलं २९ हजार ६०० असेल. नव्हतं. दोनशे शहाण्णव रुपयेच होते.

त्या रात्री एक्सेलमध्ये गणित मांडलं. शिल्लक ३९ लाख १ हजार, दर ९.३० टक्के, हप्ता ३०,५३४ असाच ठेवला तर कर्ज फिटायला आणखी ६०० महिने लागत होते. पन्नास वर्षं. मी तेव्हा चाळीस वर्षांचा होतो. बँक कागदोपत्री एवढी मुदत देत नाही, कुठेतरी थांबून ती हप्ता वाढवणारच. पण तोपर्यंत जे महिने जातात ते जवळजवळ निव्वळ भाड्यासारखे जातात.

दुसऱ्या दिवशी शाखेत गेलो. समोरच्या मॅडम शांतपणे म्हणाल्या, "सर, हप्ता वाढला नाही ना तुमचा? मग काळजीचं काही नाही." त्या खोटं बोलत होत्या असं मला वाटत नाही. हप्ता वाढला की माणूस तक्रार घेऊन येतो, मुदत वाढली तर येत नाही, हा त्यांचा रोजचा अनुभव असणार. पण गृहकर्जाची खरी किंमत ठरते ती नेमकी इथेच. दर डोळ्यांना दिसतो, हप्ता खात्याला जाणवतो, आणि वर्षं कुणाच्याच लक्षात येत नाहीत.

हप्ता वाढवून द्या म्हणून अर्ज केला तर आधी "सिस्टिममध्ये तसा पर्याय नाही" असं उत्तर मिळालं. मग १८ ऑगस्ट २०२३ला रिझर्व्ह बँकेचं परिपत्रक आलं. त्याप्रमाणे दर बदलताना कर्जदाराला हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं करायचं हे निवडू देणं बँकांना बंधनकारक झालं. बँकेच्या धोरणानुसार स्थिर दरावर जायची मुभा, मधेच थोडी किंवा सगळी रक्कम भरायची सोय आणि दर तिमाहीला मुद्दल-व्याजाचा हिशेब दाखवणारा उतारा, हेही त्यात आलं. जुन्या कर्जांनाही ते लागू होतं. त्याची प्रत काढून अर्जाला जोडली आणि ऑक्टोबरपासून हप्ता वाढला. मूळ मुदतीत कर्ज संपवायला ३७,१९० लागत होते. मी ३८,००० करून घेतला. महिन्याला साडेसात हजारांची ओढ आमच्या घराला सोपी नव्हती. त्या वर्षी गाडी बदलायचं रद्द केलं, मुलीची एक शिकवणी बंद करून ती गणितं मी घेऊ लागलो.

तोवरच्या २३ हप्त्यांचा हिशेब असा निघाला: भरले ७,०२,२८२ आणि मुद्दल उतरलं ९९,८८५.

यापुढची गोष्ट मला सगळ्यात जास्त लोकांना सांगावीशी वाटते, कारण ती बहुतेकांना माहीतच नसते. रेपोवर बँक जे २.८० टक्के लावत होती, ते माझ्यासाठी. डिसेंबर २०२३मध्ये त्याच बँकेच्या जाहिरातीत नव्या ग्राहकाला त्याहून बराच कमी दर होता. रेपो दोघांना सारखाच, फरक वरच्या टक्क्यांत. जुन्या ग्राहकाला तो आपोआप कमी करून मिळत नाही, मागावा लागतो. मी दुसऱ्या बँकेकडून कर्ज हलवण्याचं पत्र आणलं. हलवायला पुन्हा प्रोसेसिंग, पुन्हा वकील, पुन्हा गहाणाची नोंद, म्हणून मनातून हलवायचं नव्हतं. पण ते पत्र टेबलावर ठेवल्यावर आठवड्यात २.८०चे २.१० झाले. शुल्क ५,९०० रुपये, जीएसटी धरून. साडेअडतीस लाखांवर पाऊण टक्क्याच्या आसपास म्हणजे वर्षाला जवळपास २७ हजार. भरलेलं शुल्क तीन महिन्यांच्या आत वसूल झालं. ज्यांचं कर्ज २०१९-२०च्या आधीचं आहे आणि अजून एमसीएलआर किंवा बेस रेट या बँकेच्या स्वतःच्या जुन्या दरांवर आहे, त्यांनी तर हे आज जाऊन बघावं. ऑक्टोबर २०१९पासूनच्या नव्या फ्लोटिंग गृहकर्जांना बँकांनी रेपोसारखा बाहेरचा दर जोडणं सक्तीचं झालं, पण जुनी खाती आपण सांगितल्याशिवाय हलत नाहीत.

एप्रिल २०२४मध्ये बोनसमधले दीड लाख मुद्दलात भरले. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर आगाऊ परतफेडीला दंड नाही. ॲपवर मात्र मी चुकीचं बटण दाबलं आणि ते पैसे "ॲडव्हान्स ईएमआय" म्हणून जमा झाले. म्हणजे पुढचे हप्ते त्यातून कापणार, मुद्दल तिथेच. शाखेत लेखी अर्ज देऊन ते दुरुस्त करून घेतलं. सोबत हेही लिहून दिलं की हप्ता कमी करू नका, मुदत कमी करा. ॲप किंवा शाखा, कुठेही भरलं तरी नवा परतफेड तक्ता मागून घ्या आणि शेवटच्या हप्त्याची तारीख मागे आली का ते बघा.

त्या दीड लाखाने उरलेले सुमारे १८० हप्ते १६६-६७वर आले. साडेतेरा हप्ते म्हणजे पाच लाखांच्या वर. आता २०३८-३९मधले पाच लाख आजच्या पाच लाखांएवढे नसतील हे मला कळतं, त्यामुळे दीडचे पाच झाले असं मी म्हणणार नाही. पण ८.६० टक्के व्याज वाचणं आणि त्यावर कर नसणं, याच्याशी बरोबरी करणारी मुदत ठेव मला तेव्हा कुठे दिसली नाही. सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला राहील एवढं मात्र आधी पाहिलं. आजारपणात बँक आगाऊ भरलेलं मुद्दल परत देत नाही.

"व्याजावर कर वाचतो, कशाला फेडायची घाई?" हे मला निदान पाच जणांनी सांगितलं. २०२२-२३मध्ये मी सुमारे ३ लाख ९ हजार व्याज भरलं. राहत्या घरासाठी जुन्या करपद्धतीत वजावट मिळते कमाल २ लाखांची, आणि २० टक्क्यांच्या टप्प्यात त्यावर वाचला कर ४१,६००. ४१ हजारांसाठी तीन लाख देण्याला बचत कशी म्हणायची? यंदापासून मी नव्या करपद्धतीत गेलो, तिथे राहत्या घराच्या व्याजाची ही वजावटच नाही.

गेल्या वर्षी मेहुण्याने कर्ज घेतलं तेव्हा त्याची कागदं आम्ही दोघांनी बसून वाचली. ऑक्टोबर २०२४पासून नव्या कर्जाबरोबर की फॅक्ट्स स्टेटमेंट द्यावं लागतं, त्यात विमा, वकील, प्रोसेसिंग सगळं धरून वार्षिक खर्चाचा एकच टक्का आणि पूर्ण परतफेड तक्ता असतो. मला हे पान २०२१मध्ये मिळालं असतं तर विम्याची सही केली नसती. मेहुण्याने केली नाही, आणि त्याचं कर्ज काही अडलं नाही.

दरम्यान २०२५मध्ये रेपो उतरत ५.२५वर आला आणि जानेवारीपासून माझा दर ७.३५ झाला. हप्ता मी ३८,०००च ठेवलाय. एप्रिल २०२५मध्येही दीड लाख भरले होते. ५१ हप्ते आणि ते तीन लाख धरून आजवर बँकेला २०,६६,२८२ दिले. मुद्दल उतरलं ७,५२,६५५, व्याज गेलं १३,१३,६२७. वरचे साडेचार लाख सोडून, घराच्या किमतीत आमची स्वतःची पुंजी लागली होती १३,१४,०००. आयुष्यभराची जेवढी बचत घरात घातली, जवळजवळ नेमकं तेवढंच सव्वाचार वर्षांत व्याजात गेलं.

तरीही घर घेतल्याचा पश्चात्ताप नाही. मुलीची शाळा चालत दहा मिनिटांवर आहे, घरमालकाचा अकरा महिन्यांनी येणारा फोन नाही. दर असाच राहिला आणि पुढे एकही रुपया जादा भरला नाही तरी कर्ज मार्च २०३६ला संपतं, मूळ तारखेच्या साडेपाच वर्षं आधी.

बाबा अजूनही दर महिन्याला फोनवर तोच प्रश्न विचारतात. फेब्रुवारीच्या हप्त्यात व्याज १९,८९० असेल आणि मुद्दल १८,११०. एप्रिलचे दीड लाख जमवतोय, एक लाख दहा हजार झालेत. ते भरले की मेच्या हप्त्यात मुद्दल १९,३६४ आणि व्याज १८,६३६ येतं. मुद्दल व्याजाच्या पुढे जाण्याची ती पहिलीच वेळ असेल. बाबांना तो उतारा छापून हवाय.