दिंडीची भिशी: पैसे भरण्याआधी नंबर विचारा

आळंदी ते पंढरपूर पहिल्यांदा पायी जाणाऱ्यासाठी दिंडीत भिशी, म्हणजे वारीभरच्या जेवण-मुक्कामाचे पैसे, भरण्याइतकी भरवशाची सोय दुसरी नाही. जेवण, रात्रीची राहुटी आणि सामानाला ट्रक एवढं मिळतं. राहुटीत दाटी होते, आंघोळीला टँकरपाशी रांग लागते. त्याचं काही वाटून घेऊ नये.

भिशी भरताना मात्र जेवणात काय असतं याच्या आधी दिंडीचा नंबर विचारा, आणि ती पालखीच्या रथापुढची की रथामागची हेही. दोन्हीकडचे नंबर वेगळे मोजतात. रथापुढे १२ असते तशी रथामागेही १२ असते. चुकलेला माणूस नुसतं ‘बारा नंबर’ सांगतो, लोक त्याला भलत्याच तंबूत नेऊन सोडतात आणि अंधारात अख्खा तळ पुन्हा तुडवावा लागतो.

वारीत हाकेने माणूस सापडत नाही. सगळेच ‘माउली’, एक हाक मारा, पन्नास जण वळून बघतील. गर्दीत फोनही लागेलच असं नाही. म्हणून दिंडीचा नंबर, वीणेकऱ्यांचं नाव आणि ट्रकचा नंबर कागदावर लिहून, प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून अंगावरच्या खिशात ठेवा. पिशवीत ठेवलात तर तो ट्रकमधून पुढे जातो आणि संध्याकाळपर्यंत हाती लागत नाही.

दिंडीत पुढे पताका, मग टाळकरी, मृदंग, वीणेकरी आणि मागे डोक्यावर तुळस घेतलेल्या बाया. रोज त्याच ओळीत, त्याच जागी चाला. दोन-तीन दिवसांत शेजारचा टाळकरी तुमची चाल ओळखू लागतो आणि तुम्ही दिसला नाहीत तर पहिला तोच विचारतो. भिशीच्या पैशात हे मोजलेलं नसतं, पण दिंडीत जायचं ते यासाठीच.

पुणे–सासवड हा लांबचा टप्पा. दिवे घाटात पाण्याला, फोटोला बाजूला झालेली माणसं तिथेच सुटतात. सुटलात तर धावू नका. कडेला उभे राहा; दिंड्या क्रमाने येतात, दोन नंबर पाहिले की आपली पुढे गेली की मागे आहे ते कळतं.

पाय कितीही दुखत असले तरी मुक्कामाच्या तळावर सगळ्या दिंड्यांची मिळून होणारी समाजआरती चुकवू नका. सोहळ्याची शिस्त राखणाऱ्या चोपदारांनी हातातला दंड, म्हणजे चोप, उंचावला की एवढा समाज गप्प होतो. फक्त तक्रार असलेल्या दिंडीचे टाळ वाजत राहतात. चोपदार तिथे जाऊन ऐकून घेतात. हरवल्या-सापडल्याचं समाजआरतीतच पुकारतात. आपला नंबर कान देऊन ऐका.