कन्सोलवरच्या डिजिटल गेमचा रिफंड: आठ महिने, सहा अर्ज

आठ महिन्यांत मी सहा वेळा पैसे परत मागितले. तीनदा पूर्ण मिळाले, दोनदा अर्धेमुर्धे, एकदा साफ नकार. घरात दोन कन्सोल, म्हणजे टीव्हीला जोडून गेम खेळायची यंत्रं आहेत, आणि यातलं काय कुठे घडलं हे मी मुद्दामच सांगत नाही. एकाच माणसाच्या सहा अर्जांवरून कोणत्याही कंपनीचं प्रगतिपुस्तक भरू नये. शिवाय सहापैकी चार वेळा चूक माझीच होती.

पहिला अर्ज रात्री साडेदहाचा. सेल संपायला तासभर उरला होता, मी अंथरुणात पडल्या पडल्या फोनवरच्या ॲपमधून एक गेम घेतला. पावती आली, ती वाचली आणि ताडकन उठून बसले. आधीच्या पिढीच्या कन्सोलची आवृत्ती घेतली होती. नव्या कन्सोलची तिच्या शेजारच्याच चौकटीत होती, चित्र तेच, नाव तेच, कोपऱ्यात फक्त एक बारीक अक्षरांची पट्टी वेगळी. फोनवरून खरेदी झाली की घरी झोपलेला कन्सोल आपणहून जागा होतो आणि डाउनलोड सुरू करतो, हे मला ठाऊक होतं. धावत हॉलमध्ये गेले, टीव्ही लावला. गेम डाउनलोडच्या रांगेत होता, आकडा शून्य टक्के, आणि खाली ‘इंटरनेट जोडणी नाही’. आमचे बाबा रोज रात्री दहाला राउटर बंद करून झोपतात. या सवयीवरून मी त्यांच्याशी वर्षानुवर्षं भांडत आले आहे. फोन मोबाइल डेटावर होता म्हणून खरेदी झाली, कन्सोल वायफायवर होता म्हणून डाउनलोड अडकलं. गेम रांगेतून काढला, रिफंडचा फॉर्म भरला, कारणात ‘चुकीची आवृत्ती’ निवडलं. पंधरा मिनिटांत ‘मंजूर’ असा मेल.

त्या शून्य टक्क्याला एवढं महत्त्व का, हे मी त्यानंतर नीट वाचून काढलं. पीसीवर खेळणाऱ्यांना स्टीम या ऑनलाइन गेम-दुकानाची सवय असते: खरेदीपासून १४ दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असाल तर कारण न विचारता पैसे परत. हा नियम जून २०१५ पासून आहे. कन्सोलवर आलेला माणूस तोच हिशेब मनात धरून येतो आणि इथेच फसतो. सोनीच्या प्लेस्टेशन स्टोअरलाही १४ दिवसच आहेत, पण अट वेगळी: डाउनलोड किंवा स्ट्रीमिंग सुरू केलेलं नसावं. गेम सदोष असेल तर गोष्ट निराळी. म्हणजे तिथे खेळून पाहण्याची मुभा नाही, फक्त खरेदीबद्दल विचार बदलण्याची आहे. एक्सबॉक्सवर मायक्रोसॉफ्ट १४ दिवसांत अर्ज घेते आणि फार वेळ खेळलेलं नसावं म्हणते. ‘फार’ म्हणजे किती, ते ठरवणं त्यांच्या हाती. निन्टेन्डोचा ई-शॉप सर्वांत कडक, झालेली खरेदी अंतिम धरली जाते.

हे १४ दिवस कंपन्यांना स्वप्नात दिसलेले नाहीत. युरोपीय संघाच्या २०११ च्या ग्राहक हक्क निर्देशात दूरस्थ खरेदी रद्द करायला १४ दिवस दिले आहेत. त्याच निर्देशात पळवाटही आहे: ग्राहकाच्या स्पष्ट संमतीने डिजिटल वस्तू पोहोचवायला सुरुवात झाली की तो हक्क संपतो. खरेदीच्या शेवटच्या पडद्यावर आपण न वाचता ज्यावर बटण दाबतो, त्यात बहुधा हीच संमती असते.

म्हणून माझं पहिलं काम झालं ऑटो डाउनलोड बंद करणं. कन्सोलच्या सेटिंगमध्ये आणि फोनच्या ॲपमध्ये, दोन्हीकडे पाहा. एकीकडे बंद करून निर्धास्त राहू नका. स्टँडबायमध्ये इंटरनेट चालू ठेवणारी सोय वेगळी असते आणि तिचा मेनूही वेगळ्याच ठिकाणी असतो. हे लिहिताना मी उठून दोन्ही कन्सोलवर पुन्हा तपासून आले. एकावर सिस्टिम अपडेटनंतर मेनूची मांडणीच बदलली होती, सेटिंग मात्र जागेवर होतं.

दुसरा अर्ज म्हणजे तो नकार. सेलमध्ये एक शर्यतीचा गेम घेऊन ठेवला, उघडलाच नाही, सोळाव्या दिवशी वाटलं नकोच. डाउनलोड नाही, खेळ नाही, काहीच नाही. उत्तर दोन ओळींचं: मुदत संपली. रागावले, पण कोणावर? पावतीवर तारीख होती. तेव्हापासून काही घेतलं की फोनमध्ये बाराव्या दिवसाचा गजर लावते. तो गेम अजून तसाच पडून आहे, आणि कन्सोलवरच्या माझ्या गेमच्या यादीत त्याचं चित्र दिसलं की मी नजर दुसरीकडे वळवते.

प्री-ऑर्डर रद्द करणं हा यातला सर्वांत सोपा प्रकार निघाला. गेमची तारीख पुढे गेली, मी रद्द केली, सहा दिवसांनी पैसे कार्डावर. एवढंच. पैसे प्री-ऑर्डरच्या क्षणी कापतात की रिलीजच्या काही दिवस आधी, हे प्रत्येक दुकानाचं वेगळं असतं, ते पाहून ठेवा. आणि प्रीलोड, म्हणजे रिलीजच्या आधीच गेम उतरवून घेणं. जिथे डाउनलोड सुरू झालं की रिफंड जातो, तिथे प्रीलोड हेही डाउनलोडच.

आता चौथा अर्ज, ज्याने माझे साडेतीन आठवडे खाल्ले.

गेम चांगला होता, हे आधी सांगते. नऊ तास आनंदाने खेळले. मग एका भुयारात, दगडी दार उघडून आत पाऊल टाकलं की पडदा थिजायचा, दोन सेकंद आवाज तसाच घुमत राहायचा, आणि कन्सोल होम स्क्रीनवर फेकून द्यायचा. प्रत्येक वेळी तिथेच. डावीकडून गेले, पळत गेले, मशाल विझवून गेले, तेच. नऊ तास खेळलेल्या गेमचे पैसे परत मागायला तोंड कुठलं, असं म्हणून आठवडाभर पॅचची, म्हणजे चुका दुरुस्त करणाऱ्या अपडेटची, वाट पाहिली. पॅच आला, दार उघडलं, पुन्हा होम स्क्रीन.

फॉर्म भरला. दहा मिनिटांत नकार, कारण फॉर्ममागे माणूस नसतो, तास मोजणारं यंत्र असतं. तरी नेटाने चॅटवर गेले. पहिल्या सपोर्टवाल्याने गेम काढून पुन्हा टाकायला सांगितलं. दुसऱ्याने कन्सोलचा डेटाबेस पुन्हा बांधायला लावला. तिसरीने विचारलं, ‘मॅडम, इतर गेम व्यवस्थित चालतात का?’ तिथे मला उमगलं की यांना माझा वैताग नको आहे, बिघाडाची कोणकोणती कारणं वगळता येतात त्याची यादी हवी आहे. मग मी वकिलासारखी तयारी केली. कन्सोलच्या रेकॉर्डिंग बटणाने तीन वेगवेगळ्या दिवशी तो क्षण टिपला. एरर कोडचा फोटो काढला. सिस्टिम सॉफ्टवेअरची आवृत्ती, गेमची आवृत्ती, पुन्हा इन्स्टॉल केल्याची तारीख, डिस्कवरची मोकळी जागा, दुसरे दोन गेम तासन्‌तास विनातक्रार चालल्याची नोंद, सगळं एका मजकुरात. आधीच्या चॅटचे क्रमांक सर्वांत वर. ‘मला गेम आवडला नाही’ असा सूर कुठेही येऊ दिला नाही. एकच वाक्य धरून ठेवलं: विकलेली वस्तू पूर्ण वापरता येत नाही. चार दिवसांनी मंजुरी आली. पैसे कार्डावर नाही, दुकानाच्या वॉलेटमध्ये. गेमवर कुलूप पडलं, सेव्ह फाइल मात्र कन्सोलवर तशीच राहिली, भुयाराच्या दारासमोर उभी.

वॉलेट नको, पैसे कार्डावरच द्या, असं मी अडून बसायला हवं होतं का? बहुधा हो. ऑस्ट्रेलियात जून २०२० मध्ये फेडरल कोर्टाने सोनीच्या युरोपातल्या प्लेस्टेशन कंपनीला ३५ लाख ऑस्ट्रेलियन डॉलरचा दंड केला, त्यात हाही मुद्दा होता. गेम डाउनलोड झाला किंवा १४ दिवस उलटले की सदोष गेमचेही पैसे द्यावे लागत नाहीत, असं ग्राहकांना सांगितलं गेलं होतं, आणि एकाला तर पैसे दुकानाच्या आभासी चलनातच घ्यावे लागतील असं. त्याआधी २०१६ मध्ये स्टीम चालवणाऱ्या व्हॉल्व्हला तिथेच ३० लाखांचा दंड झाला होता. थोडक्यात, दुकानाचा नियम आणि देशाचा कायदा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि चॅटवरचा माणूस फक्त पहिली गोष्ट वाचून दाखवत असतो. साडेतीन आठवड्यांनी माझ्यात तो वाद घालायची ताकद उरली नव्हती.

गेम सगळ्यांसाठीच मोडका असेल तर काम सोपं होतं. सायबरपंक २०७७ हा गेम १० डिसेंबर २०२० ला आला, जुन्या कन्सोलवर त्याची अवस्था बघवत नव्हती, आणि आठवडाभरात सोनीने तो आपल्या स्टोअरवरून उतरवून डिजिटल खरेदीदारांना पूर्ण पैसे देऊ केले. तो पुन्हा विक्रीला आला जून २०२१ मध्ये. कॉन्कॉर्ड तर २३ ऑगस्ट २०२४ ला आला आणि ६ सप्टेंबरला त्याचे सर्व्हर बंद, सगळ्यांना पैसे परत. तिथे किती तास खेळलात हे कोणी विचारलं नाही. तुमचा गेम तुमच्याच भुयारात अडकत असेल तर मात्र हजार लोकांचा आवाज पाठीशी नसतो.

पाचवा अर्ज भाच्याचा. सुट्टीत आला होता, वय वर्षं नऊ. ‘मावशी, हे फुकटचं आहे ना?’ असं विचारून त्याने उत्तराची वाट न पाहता गेममधली नाणी दोनदा विकत घेतली. कार्ड माझं, पासवर्ड आधीच भरलेला, दोष माझा. एका खरेदीतली नाणी त्याने लगेच एका चमकत्या ढालीवर उधळली होती, दुसरीतली तशीच होती. न वापरलेल्यांचे पैसे मिळाले, ढालीचे नाहीत. खरं तर वापरायच्या वस्तू आणि नाणी खात्यात जमा झाली की बहुतेक दुकानं हात वर करतात, त्यामुळे निम्मे मिळाले हेच नवल. मुलं चुकतात तशी बटणंही चुकायला लावतात. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने फोर्टनाइट या गेमवर हाच आरोप ठेवला होता: गेम झोपेतून जागा करताना किंवा लोडिंग चालू असतानाही एका बटणात खरेदी होऊन जायची. तो बनवणाऱ्या एपिक गेम्सने डिसेंबर २०२२ मध्ये २४ कोटी ५० लाख डॉलर द्यायचं कबूल करून ते प्रकरण मिटवलं. आता आमच्याकडे प्रत्येक खरेदीला पिन लागतो आणि भाच्याचं खातं वेगळं आहे. ढाल माझ्या खात्यावर आहे, ती वापरायला तो माझी परवानगी मागतो.

सहावा अर्ज वार्षिक सदस्यत्वाचा. आपोआप नूतनीकरण झालं, पाचव्या दिवशी लक्षात आलं, वापरलेल्या दिवसांचे कापून बाकीचे आले. तक्रार नाही.

एक गोष्ट मी केली नाही, आणि त्या साडेतीन आठवड्यांत करायच्या अगदी काठावर होते: बँकेला सांगून व्यवहार उलटवणं. चार जणांनी सुचवलं होतं. अशा वेळी दुकान ती रक्कम थकबाकी धरून खातं गोठवू शकतं, आणि खातं गोठलं की त्यातले सगळे गेम अडकतात. एका गेमपायी साठ गेम पणाला लावायचे? आपण डिजिटल गेम विकत घेतो म्हणतो, प्रत्यक्षात परवाना घेतो. कॅलिफोर्नियात २०२५ पासून दुकानांना हे खरेदीच्या वेळी स्पष्ट सांगावं लागतं. डिस्क असती तर मी तो भुयाराचा गेम कोणाला तरी विकून मोकळी झाले असते. ‘तिसऱ्या प्रकरणापर्यंत भारी आहे’ असं सांगून.

सध्या माझी खरेदी मंदावली आहे. डेमो असला तर आधी तो खेळते. ई-शॉपवर डेमो बरेच सापडतात, आणि प्लेस्टेशन प्लसच्या प्रीमियम सदस्यांना काही गेम ठराविक तास खेळून पाहता येतात. त्यातून बऱ्याच इच्छा अर्ध्या तासात विझतात.

गेल्या आठवड्यात मात्र एक गेम घेतला, रात्री पावणेदहाला. ऑटो डाउनलोड बंद होतं, तरी रिमोट हातात घेऊन उगीच पडद्याकडे बघत बसले होते. बाबा राउटरपाशी येऊन थांबले.

‘बंद करू का गं? तुझं काही चाललंय?’

‘काही नाही बाबा. करा बंद.’

सकाळी चहा घेताना पावती पुन्हा वाचली. आवृत्ती बरोबर होती. ट्रेलर आणखी एकदा पाहिला, बाराव्या दिवसाचा गजर लावला, आणि मग डाउनलोडवर बटण दाबलं.