प्रदर्शनाच्या नावाखाली नानांची चित्रं नेली

आमच्या नानांची सात चित्रं परदेशातल्या प्रदर्शनाला नेतो म्हणून एकाने नेली, वर चाळीस हजारांहून जास्त पैसे उकळले. आता त्याच चित्रांच्या छापील प्रती ऑनलाइन विकल्या जातायत. तुमच्या घरात कुणी स्वतःचं स्वतः शिकून चित्रं काढत असेल, त्यातून वयस्कर असेल, तर कृपा करून हे वाचा.

नाना आयुष्यभर यंत्रमागावर होते. सोलापूरच्या पूर्व भागातल्या बहुतेक पद्मशाली विणकर घरांसारखेच आमचे पणजोबा तेलंगणातून पोटासाठी इथे आले. पुढे इथलेही कारखाने बंद पडायला लागले, तेव्हा काका भिवंडीला गेले, आत्याचं बिऱ्हाड सुरतेला. नाना मागे राहिले. चादरीची नक्षी आधी चौकटीच्या कागदावर काढतात आणि त्यावरून जॅकार्डच्या, म्हणजे मागावर नक्षी विणणाऱ्या यंत्राच्या, पुठ्ठ्यांना भोकं पाडतात. ते काम बघून बघून त्यांचा हात बसला. कारखाना मोडीत निघाला तेव्हा दोऱ्याने जोडलेले ते भोकांचे पुठ्ठे त्यांनी घरी आणले आणि त्यांवरच रंगवायला लागले. एका चित्रात सिद्धेश्वर तलावावर अधांतरी माग आहे आणि त्याला झाडासारखी मुळं लोंबतायत. दुसऱ्यात रेल्वेच्या डब्यात बाकांवर माणसं नाहीत, घरांचे उंबरे बसलेत. भिवंडीचे काका ते चित्र बघून उठून बाहेर गेले होते.

इथल्या एका छोट्या प्रदर्शनात तो माणूस भेटला. मी मुंबईचा क्युरेटर, म्हणजे चित्रं निवडून प्रदर्शन मांडणारा, असं म्हणाला. घरी आला, अम्माच्या हातचा चहा प्याला, नानांना वाकून नमस्कार केला. नानांच्या अशा स्वप्नातल्यासारख्या चित्रांना अतिवास्तववाद म्हणतात, 1924 साली आंद्रे ब्रेतॉं या फ्रेंच कवीने पॅरिसमध्ये त्याचा जाहीरनामा काढला, हे त्यानेच सांगितलं. त्याच पंथाचा चित्रकार मॅक्स अर्न्स्टही कुठल्या कलाशाळेत शिकला नव्हता, फ्रान्समध्ये त्याला छावणीत डांबलं होतं, 1941 मध्ये तो अमेरिकेला पळाला, हेही सांगितलं. मी नंतर शोधून पाहिलं, सगळं खरं निघालं. खऱ्या माहितीच्या आडून खोटं विकायची ही त्याची पद्धत. “गाव सुटलेल्या माणसांच्या चित्रांना तिकडे फार मागणी आहे,” असं म्हणत त्याने नानांकडून पणजोबांपासूनची सगळी कहाणी मोबाइलवर रेकॉर्ड करून घेतली. इतकी वर्षं नानांना कुणी हे विचारलंच नव्हतं. ते किती खुलून बोलत होते, ते आठवलं की आजही माझा संताप होतो.

पैशांचं तर नेहमीचंच. आधी सहभाग शुल्क, मग विमा, मग कॅटलॉग. अम्माने विड्या वळून साठवलेले पैसे आणि भिशी त्यात गेली. चित्रं नेल्यावर “कस्टममध्ये अडकलीत, अनामत भरा” असा निरोप आला, सोबत एका खासगी माणसाचा यूपीआय नंबर. सरकारी शुल्क असं कुणाच्या खासगी खात्यात भरायचं नसतं. असा निरोप आला की एक रुपयाही न देता 1930 या सायबर हेल्पलाइनवर फोन करा. प्रदर्शनासाठी पैसे मागितले म्हणजे फसवणूकच, असंही नाही. जहांगीर आर्ट गॅलरीतसुद्धा कलाकार भाडं भरूनच दालन घेतात. पण ते संस्थेच्या खात्यात जातं, पावती मिळते, आणि दालन खरंच आहे का हे एका फोनवर कळतं.

खरा डाव वेगळाच होता, आणि तो मला मुद्दाम सांगायचाय. चित्रं नेताना त्याने नानांच्या हातावर अकराशे रुपये “शकुनाचे” म्हणून ठेवले आणि पावतीवर सही घेतली. पावती इंग्रजीत होती. तिच्यात लिहिलं होतं की ही चित्रं त्याच्या सांगण्यावरून काढलेली आहेत आणि अकराशे रुपये हा त्यांचा मोबदला. वकिलांनी वाचून दाखवलं तेव्हा आम्हाला त्यातली मेख कळली. 1957 च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम 17 नुसार चित्राचा पहिला हक्क चित्रकाराचाच असतो, पण कुणाच्या सांगण्यावरून पैसे घेऊन चित्र काढलं आणि वेगळा करार नसेल, तर तो हक्क चित्र काढायला सांगणाऱ्याकडे जातो. म्हणजे अकराशे रुपयांत त्याला सात चित्रं छापून विकायचा हक्क दाखवायचा होता.

तो माणूस भेटायच्या कितीतरी आधी ही चित्रं काढलेली होती, हे आता आम्हाला सिद्ध करायचंय. नाना प्रत्येक चित्रामागे साल लिहितात, पण चित्रंच त्याच्याकडे. शेवटी गणेशोत्सवातले जुने फोटो कामी आले. मागे भिंतीवर त्यातली चार चित्रं स्पष्ट दिसतात. ते तक्रारीला जोडलेत. तुम्ही आजच प्रत्येक चित्राचे पुढून-मागून फोटो काढा आणि स्वतःलाच ईमेल करून ठेवा. चित्र बाहेर देताना नाव, माप, किंमत आणि परत करायची तारीख मराठीत लिहून समोरच्याची सही घ्या. हक्क लिहून देताना मुदत लिहिलेली नसेल तर कलम 19 प्रमाणे ती पाच वर्षं धरतात, म्हणून “कायमचे” हा शब्द कुठे आहे का ते आधी बघा. आणि हक्क दिले तरी कलम 57 प्रमाणे चित्रकार म्हणून आपलं नाव सांगायचा अधिकार जात नाही. विकल्या जाणाऱ्या प्रतींवर नानांचं नाव नाही. प्रतींसोबत दिलेली कहाणी मात्र त्यांचीच आहे, गाव तेवढं बदललंय.

मूळ चित्रं अजून मिळालेली नाहीत. भोकं पाडलेले तपकिरी पुठ्ठे दोऱ्याने जोडलेले, उजव्या कोपऱ्यात तेलुगूत सही, मागे पेन्सिलीने साल. असं चित्र कुणी विकायला आणलं तर घेऊ नका, आणणाऱ्याचा नंबर टिपून सोलापूरच्या सायबर पोलिसांना कळवा.