५,०४० प्लॉट आणि निःशेष भागाकार: मॅग्नेशिया या नगरराज्याचे परीक्षण

ग्रीक तत्त्वज्ञ प्लेटोने उतारवयात लिहिलेल्या ‘लॉज’ (म्हणजे ‘कायदे’) या संवादात मॅग्नेशिया नावाचे एक नगरराज्य आखून दिले आहे. ते प्रत्यक्षात कधीच वसले नाही. परंतु जमिनीच्या मोजणीपासून बाजारहाटापर्यंतचे त्याचे नियम इतक्या बारकाईने मांडले आहेत, की घर घेऊ पाहणाऱ्याच्या नजरेने त्याची तपासणी करता येते. प्रस्तुत परीक्षण त्या नजरेनेच केले आहे.

जागा क्रीट बेटावर, दीर्घकाळ ओसाड पडलेल्या प्रदेशात आहे. समुद्र ८० स्टेडिया, म्हणजे सुमारे १४ ते १५ किलोमीटरवर. बंदर उत्तम आहे, आणि आखणी करणाऱ्याच्या लेखी हाच जागेचा दोष आहे, कारण बंदरामागून व्यापार येतो आणि व्यापारामागून लबाडी. जमीन खडकाळ असल्याने निर्यातीपुरते पीक निघणार नाही आणि जहाजबांधणीचे लाकूडही बेताचेच मिळेल, याचे त्याला समाधान वाटते. जाहिरात म्हणून हे विचित्र असले, तरी प्रामाणिक आहे.

खरी करामत वाटपात आहे. कुटुंबांची संख्या कायमची ५,०४० ठरवली आहे, कारण या आकड्याला १ ते १० पर्यंतच्या प्रत्येक संख्येने भाग जातो, १२ नेही जातो, आणि ११ ने हवा असेल तर दोन कुटुंबे बाजूला काढली की काम भागते. मध्यभागी देवस्थानांचा उंचवटा असून तेथून शहराचे आणि भोवतालच्या मुलखाचे १२ भाग पाडले जातात. हे भाग क्षेत्रफळाने समान नसतात. सुपीक जमिनीचा भाग लहान आणि हलक्या जमिनीचा मोठा ठेवून उत्पन्न सारखे केले जाते. पुढे प्रत्येक प्लॉटचे दोन तुकडे होतात, एक शहराजवळचा आणि एक सरहद्दीकडचा, आणि त्यांची जोडी अशी लावली जाते, की ज्याच्या वाट्याला केंद्राला अगदी लागून असलेला तुकडा येतो, त्यालाच टोकाचा तुकडाही घ्यावा लागतो. मोक्याच्या जागेवरून होणारे भांडण याहून निर्विवादपणे मिटवणारी पद्धत माझ्या वाचनात नाही.

प्रत्येक कुटुंबाला अर्थातच दोन घरे मिळतात. नवविवाहित जोडप्याने आईवडिलांपासून वेगळे होऊन यांपैकी दुसऱ्या घरात राहावे, असा नियम आहे. सतत सहवासाने वीट येतो आणि थोड्या विरहाने माया टिकते, असे त्याचे कारण दिले आहे. (आपल्याकडच्या कित्येक सासवा-सुनांनी या कलमाचे स्वागत केले असते.)

मालकी हक्काबाबत मात्र सावध राहावे. प्लॉट विकता येत नाही, विकत घेता येत नाही, आणि वारस म्हणून एकाच मुलाची निवड करावी लागते. उरलेले मुलगे निपुत्रिक कुटुंबांना द्यायचे, आणि तरीही माणसे वाढली तर त्यांना नव्या वसाहतीवर धाडायचे. नोंद सुरूच्या लाकडी पाट्यांवर करून त्या मंदिरांत ठेवल्या जातात, म्हणजे सातबारा थेट देवाच्या ताब्यात. घरात सोने-चांदी बाळगता येत नाही, आणि एकूण मालमत्ता प्लॉटच्या किमतीच्या चौपटीहून अधिक झाली तर वरचा हिस्सा राज्याला आणि देवांना द्यावा लागतो. पस्तिशीपर्यंत लग्न न करणाऱ्या पुरुषाला दरवर्षी दंड भरावा लागतो, मालमत्तेनुसार पाडलेल्या वर्गांपैकी सर्वांत वरच्या वर्गात १०० ड्राक्मा (ग्रीक चलन) आणि सर्वांत खालच्या वर्गात ३०.

बाजाराला मात्र मी पूर्ण गुण देईन. विक्रेत्याने एकच भाव सांगायचा. तो मिळाला नाही तर माल परत न्यायचा, परंतु त्या दिवशी भाव वाढवायचा नाही आणि उतरवायचाही नाही. मालाची स्तुती करणे आणि शपथा घेणे वर्ज्य आहे. भेसळ सापडली, तर मालाची जितके ड्राक्मा किंमत सांगितली असेल तितके फटके चौकात जाहीरपणे दिले जातात. उधारीवर माल देणाऱ्याला कायदा वसुलीसाठी मदत करत नाही. दिलेला शब्द पाळला जाईल एवढ्यावरच त्याने समाधान मानायचे.

आता गंभीर आक्षेप. या ५,०४० कुटुंबांची शेती गुलामांनी कसायची आहे, आणि कारागिरी व किरकोळ व्यापार परदेशी रहिवाशांनी करायचा आहे, कारण नागरिकाला हातचा धंदा करण्याची मनाई आहे. म्हणजे सुताराला येथे घर मिळेल ते भाडेकरू म्हणून. परदेशी म्हणून त्याच्यावर वेगळा कर नाही, पण नोंदणीपासून २० वर्षे झाली की चंबूगबाळे आवरून निघायचे. ज्यांच्या श्रमावर वसाहत चालते ती माणसे मोजणीत धरलेलीच नाहीत. त्यांना धरले असते, तर तो देखणा भागाकार निःशेष राहिला नसता. भूमितीचा दोष यात नाही. कोणाला मोजायचे हे भूमिती ठरवत नाही, ते आखणी करणाऱ्याने आधीच ठरवलेले आहे, आणि बाहेर ठेवलेल्यांना दाद मागण्यासाठी त्या ५,०४० जणांकडेच जावे लागते.

दुसरा आक्षेप बाहेर पडण्याच्या वाटेबद्दल. चाळिशीच्या आत परदेशगमन नाही, आणि चाळिशीनंतरही खासगी कामासाठी नाही. दूत, संदेशवाहक किंवा राज्याने पाठवलेला निरीक्षक म्हणूनच जाता येते. परतलेल्या निरीक्षकाला पहाटे भरणाऱ्या परिषदेपुढे वृत्तान्त सांगावा लागतो, आणि बाहेरच्या वाऱ्याने तो बिघडला आहे असे परिषदेला वाटले, तर त्याला कोणाशीही मिसळण्याची बंदी होते.

त्यामुळे प्लॉटसाठी अर्ज करण्याची शिफारस मी करणार नाही. पाहुणा म्हणून जाण्यास हरकत नाही. उत्सव पाहण्यासाठी आलेल्या परक्यांची सोय मंदिरांजवळच्या निवासांत होते आणि त्यांची काळजी पुजाऱ्यांनी घ्यायची असते. व्यापाऱ्यांना मात्र शहराबाहेरच उतरावे लागते. वयाची पन्नाशी उलटली असेल आणि काही उत्तम पाहावे किंवा दाखवावे एवढाच हेतू असेल, तर आमंत्रणाशिवाय कोणत्याही श्रीमंत किंवा ज्ञानी माणसाच्या दारात जाण्याची मुभा आहे, आणि निघताना भेटवस्तूही मिळतात.