'बॅक टू द फ्यूचर, भाग २' : पन्नास वर्षांचे निकाल आणि एक बिघडलेले गाव

गॅरेजमध्ये उभ्या असलेल्या मोटारीत एक म्हातारा आणि एक तरुण बसले आहेत. दोघेही एकच माणूस आहेत, फक्त त्यांच्या वयात साठ वर्षांचे अंतर आहे. रेडिओवर अमेरिकन फुटबॉलचा सामना संपत आला आहे, यूसीएलएचा संघ १६ विरुद्ध १७ असा एका गुणाने मागे आहे आणि समालोचकाने त्याची आशा सोडून दिली आहे. म्हातारा मात्र ठामपणे सांगतो की हा संघ १९–१७ ने जिंकणार. तरुण त्याची टिंगल करतो. अखेरच्या क्षणी फील्ड गोल होतो, तीन गुण मिळतात, सोळाचे एकोणीस होतात आणि टिंगल करणारा माणूस म्हाताऱ्याजवळच्या पुस्तकाकडे पहिल्यांदाच नीट पाहतो. १२ नोव्हेंबर १९५५ रोजी यूसीएलएने वॉशिंग्टनच्या संघाला खरोखरच १९–१७ असे हरवले होते. म्हणजे पटकथाकार बॉब गेल यांनी हा निकाल मनाने रचलेला नाही, तो क्रीडा-इतिहासातून उचलला आहे.

रॉबर्ट झेमेकिस यांनी दिग्दर्शित केलेल्या आणि नोव्हेंबर १९८९ मध्ये प्रदर्शित झालेल्या या चित्रपटाचे सारे मर्म मला या दृश्यात दिसते. काळयंत्र पहिल्या भागातलेच आहे, म्हणजे ताशी ८८ मैलांचा वेग गाठताच दुसऱ्या सालात पोहोचणारी डेलोरियन मोटार. पण या वेळी इतिहास बिघडतो तो यंत्रामुळे नव्हे, तर १९५० ते २००० या काळातील क्रीडास्पर्धांचे निकाल छापलेल्या एका किरकोळ पुस्तकामुळे. भविष्यातून भूतकाळात कोणी बंदूक नेली नाही, रोगजंतू नेले नाहीत, नेली ती केवळ माहिती. बदललेल्या काळाची इतकी साधी आणि इतकी पटणारी कारणमीमांसा मी दुसऱ्या कोणत्याही चित्रपटात पाहिलेली नाही. (पुढे कथानकाचा बराच भाग उघड होणार आहे, तो टाळून या चित्रपटाविषयी काही मोलाचे लिहिता येईल असे मला वाटत नाही.)

१९८५ मधून काळयंत्राने २०१५ मध्ये आलेला तरुण नायक मार्टी मॅकफ्लाय तिथल्या जुन्या वस्तूंच्या दुकानातून ते पुस्तक विकत घेतो, कारण १९८५ मध्ये परतल्यावर पैजा जिंकण्याचा मोह त्यालाही होतो. काळयंत्र बनवणारा त्याचा शास्त्रज्ञ मित्र डॉक ब्राऊन त्याला खडसावतो आणि पुस्तक कचऱ्यात टाकतो. हे सारे ऐकणारा खलनायक, म्हणजे गॅरेजमधला तो म्हातारा बिफ टॅनन, ते उचलतो, डेलोरियन पळवतो, १९५५ सालातील तरुण बिफच्या हाती ते ठेवतो आणि मोटार गुपचूप जागेवर आणून सोडतो. अनर्थाचे बीज खलनायकाने नव्हे, नायकाने पेरले आहे, ही गोष्ट चित्रपट ठळकपणे बोलून दाखवत नाही. ते मला आवडले.

मार्टी आणि डॉक १९८५ मध्ये परततात तेव्हा आपण चुकीच्या सालात आलो आहोत हे त्यांना लगेच कळत नाही. मार्टी खिडकीतून स्वतःच्या खोलीत शिरतो तर तिथे एक अनोळखी मुलगी झोपलेली असते आणि तिचा बाप घरफोड्या समजून त्याच्या अंगावर धावून येतो. हिल व्हॅली गावाचा परिचित चौक आता जुगार आणि गुंडगिरीचा अड्डा झाला आहे, न्यायालयाच्या इमारतीवर बिफच्या कॅसिनोचा मनोरा उभा आहे, शाळेचा कडक शिस्तीचा अधिकारी बंदूक घेऊन स्वतःच्या घराची राखण करतो आहे. मार्टीच्या वडिलांचा १९७३ साली खून झाला असून आईने बिफशी लग्न केले आहे. वर्तमानपत्राच्या पानावर निक्सन पाचव्यांदा राष्ट्राध्यक्षपदासाठी उभे राहणार असल्याची बातमी आहे. ती क्षणभरच दिसते, पण एका माणसाच्या श्रीमंतीने केवळ गाव नव्हे, सारा देश दुसऱ्या वाटेला लागला आहे हे तेवढ्यातच कळते. प्रेक्षकाने पहिल्या भागात हाच चौक १९५५ आणि १९८५ अशा दोन काळांत पाहिलेला असतो आणि या भागात २०१५ मधलाही पाहिलेला असतो. त्यामुळे काय बदलले हे कोणी समजावून सांगावे लागत नाही. न्यायालयाची तीच घड्याळाची इमारत पुन्हा पुन्हा दाखवण्यामागचा हिशेब इथे फळाला येतो.

यानंतर फळ्याचे ते प्रसिद्ध दृश्य येते. डॉक खडूने एक सरळ रेघ ओढतो, तिच्यावर भूतकाळ, १९८५ आणि भविष्य अशा जागा दाखवतो, मग भूतकाळातल्या एका बिंदूपासून खाली तिरकी रेघ काढून तिच्या टोकाला दुसरे, बिघडलेले १९८५ लिहितो. मार्टी साहजिकच सुचवतो की आपण २०१५ मध्ये जाऊन बिफला मोटार चोरण्यापासून रोखू या. डॉक म्हणतो की ते शक्य नाही, कारण या १९८५ मधून पुढे गेलो तर याच बिघडलेल्या रेघेवरचे भविष्य गाठू. काळप्रवासाचा इतका गुंतागुंतीचा नियम मिनिटभरात, एका खडूच्या तुकड्याने, शाळकरी मुलालाही समजेल असा सांगून होतो. पटकथा लिहिणाऱ्यांनी हे दृश्य तालमीसारखे घोकावे.

आणि नेमका हाच नियम चित्रपटाने थोड्याच वेळापूर्वी मोडलेला असतो. म्हातारा बिफ १९५५ मध्ये पुस्तक देऊन परत २०१५ मध्ये येतो, तेव्हा तो डॉकच्या फळ्यानुसार तिरक्या रेघेवरच्या २०१५ मध्ये पोहोचायला हवा होता; तो मात्र सरळ रेघेवरच्या, जिथे मार्टी आणि डॉक अजून वावरत आहेत त्या २०१५ मध्ये मोटार आणून ठेवतो. तसे झाले नसते तर नायकांना मोटार परत मिळाली नसती आणि कथा तिथेच संपली असती, म्हणून ही सोय केली आहे. या चुकीचे एक समर्थन चित्रपटातच दडलेले आहे असे मला वाटते. परतलेला बिफ मोटारीतून उतरताना छाती धरून वेदनेने वाकतो, आणि अंतिम संकलनात गाळलेल्या एका दृश्यात तो चक्क विरून नाहीसा होतो. म्हणजे भूतकाळातला बदल भविष्यापर्यंत पोहोचायला काही वेळ लागतो, जसा पहिल्या भागात छायाचित्रातील मार्टीची भावंडे एकेक करून पुसट होत जातात. हे स्पष्टीकरण ग्राह्य धरले तर म्हातारा बिफ बदलाच्या लाटेच्या किंचित पुढे राहून परतला असे म्हणता येते. पण मग ते गाळलेले दृश्य ठेवायलाच हवे होते. ते कापून दिग्दर्शकाने स्वतःचा बचाव स्वतःच काढून टाकला.

फळ्यावरचे चित्र आणखी एका बाबतीत फसवे आहे. त्यात काळाला फांदी फुटलेली दिसते, म्हणजे दोन्ही १९८५ एकाच वेळी अस्तित्वात असावीत असे वाटते, आणि ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये पुंज यामिकीचा (क्वांटम मेकॅनिक्सचा) जो अर्थ मांडला, ज्याला पुढे अनेक विश्वांचा सिद्धान्त म्हटले गेले, त्याची आठवण होते. कथा मात्र तशी वागत नाही. मार्टीची मैत्रीण जेनिफर बिघडलेल्या १९८५ मध्ये व्हरांड्यात झोपलेली राहते आणि डॉक निर्धास्तपणे सांगतो की भूतकाळ दुरुस्त झाला की तिच्याभोवतीचे जग आपोआप पूर्ववत होईल. म्हणजे रेघ एकच आहे, ती खोडून पुन्हा लिहिली जाते. भौतिकशास्त्रात इगोर नोविकोव्ह यांच्या नावाने ओळखले जाणारे सुसंगतीचे तत्त्व तर याच्या अगदी उलट सांगते: भूतकाळात गेलात तरी घडून गेलेले तुम्हाला बदलता येणार नाही, तुमची तिथली उपस्थिती आधीपासूनच त्या इतिहासाचा भाग असेल. त्या तत्त्वावर हा चित्रपट उभाच राहिला नसता. गंमत अशी की या चित्रपटाच्या शेवटच्या एक तृतीयांशाची बांधणी नेमकी त्याच पद्धतीची आहे.

पुस्तक परत मिळवण्यासाठी मार्टी आणि डॉक १९५५ मधल्या त्याच दिवशी पोहोचतात ज्या दिवशी रात्री पहिल्या चित्रपटाचा शेवट घडला होता. आता पहिला मार्टी रंगमंचावर गिटार वाजवत असताना दुसरा मार्टी त्याच्या डोक्यावरच्या अरुंद मचाणावरून सरपटतो आहे आणि बिफच्या टोळीवर वाळूच्या पिशव्या सोडून त्याला नकळत वाचवतो आहे. घड्याळाखाली तारा जोडण्यात गुंतलेल्या तरुण डॉकला म्हातारा डॉक तोंड फिरवून पाना देतो आणि कोणत्या मापाचा हवा तेही सुचवतो. आपण पाहिलेल्या दृश्यांच्या पडद्यामागे हेही चालले होते, असा आभास झेमेकिस इतक्या सफाईने निर्माण करतात की पुन्हा पहिला भाग पाहताना नजर आपोआप त्या मचाणाकडे जाते. एका चित्रपटाच्या पोटात दुसरा चित्रपट शिवण्याचे हे काम मला उडत्या गाड्यांपेक्षा कितीतरी मोठे वाटते.

त्या उडत्या गाड्यांविषयी थोडक्यात. २१ ऑक्टोबर २०१५ चे भविष्य हा चित्रपटाचा सर्वांत गाजलेला आणि माझ्या मते सर्वांत कच्चा भाग आहे. घरात जागोजागी फॅक्सयंत्रे आहेत आणि विनोद एकमेकांना धक्के देत पुढे सरकतात. शिकागो कब्जचा बेसबॉल संघ २०१५ मध्ये मायामीला हरवून विजेता ठरतो, हे भाकीत एका वर्षाने हुकले, कारण तो संघ २०१६ मध्ये, तब्बल १०८ वर्षांनी जिंकला. चित्रपटाची लांबीही १०८ मिनिटेच आहे, हा योगायोग सांगण्याचा मोह मला आवरत नाही. जेनिफरला मात्र कथेने अन्यायाने वागवले आहे. तिला सोबत घेतले आणि लगेच झोपवून टाकले. एलिझाबेथ शू यांच्यासारख्या अभिनेत्रीला देण्यासारखे पटकथेत काही नव्हते.

अभिनयात बाजी मारतात ते टॉमस विल्सन. तरुण, मध्यमवयीन, वृद्ध अशा प्रत्येक बिफला त्यांनी वेगळी चाल आणि वेगळा उर्मटपणा दिला आहे. मार्टी झालेले मायकल जे. फॉक्स एकाच जेवणाच्या टेबलाशी बाप, मुलगा आणि मुलगी अशा तिन्ही भूमिकांत दिसतात. त्यासाठी कॅमेऱ्याची तीच हालचाल यंत्राने तंतोतंत पुन्हा करवून घेतली होती, त्यामुळे कॅमेरा हलत असतानाही जोड दिसत नाही. मार्टीच्या वडिलांची भूमिका करणारे क्रिस्पिन ग्लोव्हर या भागात नव्हते. त्यांच्या जागी रंगभूषेने त्यांच्यासारखा केलेला दुसरा नट उभा केला गेला, २०१५ मध्ये तर उलटा टांगलेल्या अवस्थेत, आणि ग्लोव्हर यांनी त्याबद्दल दावा दाखल केला. हे माहीत झाल्यावर तो उलटा टांगलेला बाप पाहून हसू येत नाही.

पुस्तक जाळण्याचा प्रसंग मात्र कितीही वेळा पाहावा. मार्टी ज्या काड्यांनी ते पेटवतो त्या बिफच्याच कॅसिनोतल्या आहेत, आणि पाने जळताच काडेपेटीवरचे कॅसिनोचे नाव बदलून मोटारी चकाचक करून देणाऱ्या बिफचे साधे नाव उमटते. वडिलांच्या खुनाचा मथळा त्यांच्या सन्मानाचा होतो. डॉकला वेड्यांच्या इस्पितळात टाकल्याच्या मथळ्यातला 'कमिटेड' हा शब्द 'कमेंडेड' होतो, अक्षरे बदलतात ती जेमतेम तीन. जग दुरुस्त झाल्याचे याहून कमी खर्चात कोणी दाखवले असेल असे वाटत नाही.

शेवट अर्धवट आहे, कारण तिसरा भाग सोबतच चित्रित झाला आणि मे १९९० मध्ये आला. वीज पडून डॉक नाहीसा होतो आणि भर पावसात एक माणूस मार्टीच्या हाती सत्तर वर्षे जपून ठेवलेले, १८८५ सालचे पत्र देतो. हा चित्रपट पाहायचा असेल तर आदल्या दिवशी पहिला भाग जरूर पाहावा, आणि पत्रानंतर धावत गेलेल्या मार्टीला पाहून १९५५ चा डॉक बेशुद्ध पडला की पडदा बंद करावा. त्यापुढे पुढच्या भागाची जाहिरात आहे आणि ती बरेच काही सांगून टाकते.